उजव्या पायाचा अंगठा

"पाय वर घ्या," डॉक्टर म्हणाले.

मी बाकावर बसल्या बसल्या दोन्ही पाय उचलले. खालून फिनेलचं ओलं फडकं सरकत गेलं. आता तपासतील म्हणून मी शर्टाची बटणं सोडायला घेतली, तर डॉक्टर निरगुडकर त्या फडक्याच्या मागोमाग वाकून चालत पार व्हरांड्याच्या टोकाला पोचले होते. तिथे कोपऱ्यात एक डाग राहिला होता आणि तो त्यांना फार खुपत होता.

तालुक्याच्या सरकारी दवाखान्यातली सकाळ होती. साडेआठ वाजले होते. त्या दिवशी दुपारी मुंबईहून समिती येणार होती आणि जिल्ह्यातला सगळ्यांत चांगला दवाखाना कोणता ते ठरवणार होती. भिंतींना नवा रंग, खाटांवर नव्या चादरी, दारात तुळस. जुने म्हणाल तर फक्त रोगी होते, आणि त्यांना कुठे ठेवायचं हा सगळ्यांपुढे मोठाच प्रश्न होता.

मी त्या वेळी एस.टी.त कंडक्टर होतो. आदल्या रात्री आमची मुक्कामी गाडी वाघजाईवाडीला होती. ड्रायव्हर इलाही मुल्ला नेहमीप्रमाणे गाडीतल्या मागच्या लांब सीटवर आडवा झाला आणि मी देवळाच्या फरशीवर पथारी टाकली. गाडीत मला गुदमरायचं. पहाटे जाग आली ती पोटातल्या कळेनं. तरी तोंड धुऊन पहिली फेरी केली. तिकिटं फाडता फाडता माझ्या पापण्या खाली यायला लागल्या. झोप म्हणावी तर तीही नव्हती. मी टक्क जागा होतो, आणि पापण्या मात्र कुणीतरी वरून ओढून घेत असल्यासारख्या मिटत होत्या. इलाहीभाईनं आरशात माझं तोंड बघितलं. स्टँडवर गाडी दुसऱ्याच्या ताब्यात देऊन त्यानं मला दंडाला धरून थेट इथे आणलं.

"साहेब," मी डॉक्टरांना परत गाठलं. ते रंगाऱ्याशी बोलत होते. "पापण्या मिटतात हो. पोटात पण कळ येते."

"हा हिरवा नाही, पोपटी आहे," डॉक्टर म्हणाले. "मी हिरवा सांगितला होता."

"साहेब, पापण्या."

"मुक्कामी गाडीवर होता ना? जागरण झालं असेल. झोपा थोडं." एवढं बोलून ते रंगाऱ्याकडे वळले. झोपायला परत बाकावर आलो, तर माझ्या जागी कुंडी आलेली.

इलाहीभाई चिडला. तो मला तांबट मॅडमकडे घेऊन गेला. या दवाखान्यात नव्यानं लागलेल्या डॉक्टर, पंचविशीच्या. समितीपुढे अहवाल वाचायचं काम त्यांच्यावर आलं होतं आणि त्यांचे हात गार पडले होते. एका हातात कागद, दुसऱ्या हातानं त्यांनी माझ्या छातीवर नळी टेकवली.

"श्वास घ्या. सन्माननीय अध्यक्ष महोदय आणि समितीचे सन्माननीय सदस्य. सोडा. गतवर्षी या रुग्णालयात… परत घ्या. या रुग्णालयात एकूण… रात्री काय खाल्लं होतं?"

"भाकरी," मी म्हणालो. पण जीभ जड झाली होती. तोंडातून काहीतरी भलतंच बाहेर आलं.

मॅडमनी पहिल्यांदा कागद खाली केला. "घेतलीय का?"

"मॅडम, ह्यो मानूस बडीशेपसुदिक मोजून खातो," इलाहीभाई म्हणाला. "दारू कुटली!"

"ॲसिडिटी आहे. गोळी देते." मॅडम पुन्हा सन्माननीय सदस्यांकडे वळल्या.

आता मला एका वस्तूच्या दोन दिसत होत्या. दोन निरगुडकर समोरून येत होते. मी दोन्ही हातांच्या बोटांनी दोन्ही पापण्या वर उचलून धरल्या आणि त्यांच्या वाटेत उभा राहिलो. दुसरं काय करणार? तोंडानं सांगता येत नव्हतं.

डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं, मग इलाहीभाईकडे. "ह्यांना सांगा, आज चेष्टा नको."

तेवढ्यात माझे गुडघे गेले. मी कुंड्यांच्या रांगेवर आडवा झालो. "अहो, कुंडी!" असं डॉक्टर ओरडले. त्या दिवशी त्यांचं पूर्ण लक्ष माझ्याकडे लागलं ते एक कुंडी फुटली म्हणून.

पुढचं मात्र भराभर झालं, आणि ते त्यांनी चांगलं केलं, हे सांगायलाच हवं. माझी छाती हलायची थांबली होती. मला खाटेवर टाकलं, मॅडमनी घशातून नळी उतरवली, नळीला रबरी फुगा लावला आणि तो दाबून दाबून माझ्यात हवा भरायला सुरुवात केली. नळी उतरताना घशात जे झालं ते मी विसरलेलो नाही. मी ओरडत होतो. माझ्या आतल्या आत ओरडत होतो, आणि खाटेवर माझं अंग ओल्या सतरंजीसारखं पडलेलं होतं.

मग डॉक्टरांनी माझी पापणी बोटानं उचलली. डोळ्यांत बॅटरीचा उजेड पडला. उजेडाच्या मागे त्यांचा चेहरा, तोंडात पेन धरलेलं. मी जीव एकवटून त्यांच्याकडे बघत होतो. त्यांनी पापणी सोडली आणि अंधार झाला. छातीच्या हाडावर मूठ दाबून रगडली. दुखलं, फार दुखलं. बुबुळाला कापूस लावला, तोही मला कळला.

"बाहुल्या पसरल्यात. हालत नाहीत," डॉक्टर म्हणाले. "कशालाच काही नाही. मेंदू गेला."

"कशानं पण, सर?" मॅडमनी विचारलं.

"नस फुटली असेल डोक्यात."

"हृदय चालू आहे."

"चालणार थोडा वेळ." डॉक्टरांनी आवाज खाली केला, पण माझ्या उशाशीच उभे होते. "हे बघा, आज रजिस्टरात मृत्यू नको. समिती चारला जाईल. तोपर्यंत फुगा चालू ठेवा. चारला बंद करायचा, वेळ तेव्हाची लिहायची. बायकोला डेपोतून निरोप गेलाय, ती संध्याकाळी येईल. आली की ताब्यात देऊ."

माणूस मेल्यावर त्याच्याबद्दल लोक काय बोलतात ते त्याला कळत नाही म्हणतात. मला कळत होतं. मला साबणाचा, रंगाचा, फिनेलचा वास येत होता. पंख्याची एक पाती कुठेतरी घासत होती, तेही ऐकू येत होतं. मी आहे, मी इथे आहे, असं मी त्यांना सांगत होतो आणि दोघं डॉक्टर माझ्या अंगावरून हात लांब करून एकमेकांना कागद देत होते. एवढी भीती मला पुन्हा कधी वाटली नाही.

"सर, नवं मशीन आहे ना बाहेर, श्वासाचं?" मॅडम म्हणाल्या.

"त्याला फीत बांधलीय. दुपारी अध्यक्षांच्या हस्ते कापायची आहे. आणि मेलेल्याला मशीन कशाला?"

मग त्यांनी इलाहीभाईला बोलावलं. फुगा दाबायला माणूस हवा होता आणि दवाखान्यातला एकही माणूस त्या दिवशी मोकळा नव्हता. कसा दाबायचा ते मॅडमनी त्याला दाखवलं.

"हे बघा, ड्रायव्हर," निरगुडकर म्हणाले, "तुमचा मित्र गेलेला आहे. तुम्ही फुगा दाबताय म्हणून छाती हलते. चारपर्यंत दाबा. मग सोडून द्या."

"न्हाई सोडला तर?"

"किती वेळ दाबाल? दोन दिवस?"

"बघू," इलाहीभाई म्हणाला. "आमची ड्युटी मास्तर बेल देतील तवा संपते." आमच्याकडे ड्रायव्हर कंडक्टरला मास्तर म्हणतात. डॉक्टर निघून गेल्याचा आवाज आला. मॅडमचा आवाजही लांब गेला, सन्माननीय सदस्यांना घेऊन.

किती वेळ गेला ते माझ्याकडे मोजायला एकच साधन होतं. इलाहीभाईला हाताला ठेका लागावा म्हणून तो आमच्या मार्गावरचे थांबे म्हणत होता. "वाघजाईवाडी." फुगा दाबला. "शेंडगे वस्ती." दाबला. "फाटा. पूल. गुऱ्हाळ. शाळा." प्रत्येक थांब्याला मला एक श्वास मिळत होता. शेवटचं गाव आलं की तो उलटा निघायचा. हे थांबे मी रोज गाडीत ओरडून सांगायचो आणि कुणी लक्ष द्यायचं नाही. त्या दिवशी एकेका नावाची वाट बघत मी पडलो होतो.

दुपार वर चढली. दाराबाहेर पावलांची लगबग वाढली. इलाहीभाई रात्री नीट झोपला नसावा. त्याचा आवाज जड व्हायला लागला.

"पूल," तो म्हणाला. दाबला. "गुऱ्हाळ." दाबला.

मग काहीच नाही.

शाळा, मी म्हणालो. इलाहीभाई, शाळा. पंखा घासत होता. छातीत काहीतरी घट्ट आवळत चाललं होतं. कानांत शिट्टी वाजायला लागली. शाळा, अरे बाबा, शाळा! बाहेर कुणीतरी हसलं. माझ्या आत सगळं तांबडं झालं, मग काळं. इतक्यात बाहेर बादली आपटली, आणि इलाहीभाई दचकला.

"शाळा!" तो ओरडला, आणि हवा आत आली. "माफ करा, मास्तर. डुलकी लागली. माफ करा." त्याच्या आवाजात रडू होतं. मेलेल्या माणसाची कुणी एवढी माफी मागतं का, असं बघणाऱ्याला वाटलं असतं. बघणारं कुणीच नव्हतं.

तेव्हा मी पहिल्यांदा अंग चाचपून बघितलं. म्हणजे मनानं एकेका भागाकडे जाऊन आलो. मान, नाही. हात, नाही. बोटं, नाही. जीभ असून नसल्यासारखी. कंबरेखाली गेलो, गुडघा, घोटा, आणि उजव्या पायाच्या टोकाला काहीतरी हललं. अंगठा. डावा नाही, उजवा. अगदी तांदळाएवढा हलला असेल. पण चादर पायाच्या बोटांवरून खाली खोचलेली, कडक इस्तरीची, आणि इलाहीभाई उशाशी, तोंड माझ्याकडे. नवी चादर हलवण्याइतकं बळ त्या अंगठ्यात नव्हतं. मी तासभर तरी त्या अंगठ्यानं आरोळ्या मारल्या.

दीड वाजता सुगंधामावशी आल्या. मावशी म्हणजे वॉर्डातल्या जुन्या आया. पायांत चपला घासत चालायच्या आणि खाटेवरच्या माणसाशी, तो जिता असो की मेलेला, बोलल्याशिवाय त्यांचं काम व्हायचं नाही.

"ह्योच का चार वाजताचा?" त्यांनी विचारलं.

"फाटा," इलाहीभाई एवढंच म्हणाला.

"माजी पाळी दोनला संपती. मागनं ती पारू येनार. तिला काय हाय का त्याचं? मागल्या खेपेला मुडदा तसाच दिला, पाय फाकलेला. घरची मानसं रडायची सोडून पायाकडंच बगाय लागली." त्यांनी पायाकडची चादर वर केली. पायांना वारा लागला. "अंगठं येळंला बांदाय लागत्यात. मागनं ताटलं की हातभर ताकद लावली तरी जुळत न्हाईत. मी आत्ताच बांदून ठिवते. माज्या पाळीतला हाय, फाकल्या पायानं जाता कामा नये."

"मावशी, अजून जीव हाय," इलाहीभाई म्हणाला.

"असू दे की. मी काय गळा बांदत न्हाई."

कैचीनं पट्टी कापल्याचा आवाज आला. त्यांच्या खडबडीत बोटांनी माझे दोन्ही अंगठे एकमेकांना टेकवले. पट्टीचा एक वेढा पडला, दुसरा पडला. मेलेल्या माणसाचे अंगठे बांधतात ते मी वडिलांच्या वेळी बघितलं होतं, मीच धरून ठेवले होते. आता माझे बांधत होते. मला एवढंच समजलं की एकदा ही गाठ पक्की बसली की माझ्याजवळ बोलायला काहीच उरणार नाही.

मी सगळा जीव उजव्या अंगठ्यात नेला आणि बाहेर ओढला.

"ऱ्हात न्हाई मेली गाठ," मावशी म्हणाल्या. पट्टी सोडली, परत बांधली.

परत ओढला.

"नीट ऱ्हा की रं बाबा. घरी जायाचंय मला." तिसऱ्यांदा त्यांनी अंगठे जुळवून मुठीत धरले. मी त्यांच्या मुठीत अंगठा हलवला. एकदा. दम गोळा केला, पुन्हा एकदा.

मावशींचं बोलणं बंद पडलं. पंख्याची पाती घासत होती. त्यांची मूठ सुटली नाही, पण बोटं गार पडत चाललेली मला कळली.

"कोन हाय?" त्यांनी अगदी हळू विचारलं. "कोन हाय आत?"

तो आवाज माझ्या आजही कानांत आहे. बत्तीस वर्षं मुडदे बघितलेली बाई घाबरली होती. पळून गेली असती तर मी चारला गेलो असतो. ती पळाली नाही.

"डायव्हर," ती म्हणाली, "इकडं बग. दाबायचं सोडू नगंस. नुसता इकडं बग. अंगठा हालतोय."

इलाहीभाईचा ठेका चुकला. मग तो माझ्या कानाशी वाकला, त्याच्या तोंडाला तंबाखूचा वास होता. "मास्तर," तो म्हणाला, "गाडी थांबवू का सोडू? एक बेल दिली तर थांबतो. डबल दिली तर निघतो. द्या बेल."

आयुष्यभर मी दोरी ओढून डबल बेल दिली, ती कधी जड गेली नाही. ही फार जड गेली. एकदा हलवला. थांबलो. तो एकच समजून थांबेल या धास्तीनं घाम फुटला असता, पण मला घामही येत नव्हता. दुसऱ्यांदा हलवला.

"डबल!" इलाहीभाई एवढ्या मोठ्यानं ओरडला की शेजारच्या वॉर्डात कुणीतरी दचकून उठलं. "मावशी, डबल! डॉक्टरला आना!"

पुढचं मी नुसतं ऐकलं, बाकीचं मला दोघांनी नंतर सांगितलं. समिती आली होती. मधल्या दालनात खुर्च्या मांडल्या होत्या आणि तांबट मॅडम अहवाल वाचत होत्या. मावशी दाराशी गेल्या. शिपायानं ओठांवर बोट ठेवलं. मावशी बाजूनं शिरल्या आणि निरगुडकरांच्या कानाशी म्हणाल्या, "सायेब, चारचा मुडदा हालतोय." डॉक्टरांनी समोर बघत हसतमुखानं मान हलवली आणि म्हणाले, "चहा भाषणानंतर."

मावशी परत आल्या. "मास्तर, हालतोय न्हवं अजून?" त्यांनी माझा अंगठा धरून खात्री करून घेतली. परत गेल्या. या खेपेला पुढे जाऊन मॅडमचा पदर ओढला. मॅडमना वाटलं पदर खिळ्याला अडकलाय. त्यांनी तो सोडवून घेतला आणि गतवर्षीच्या बाळंतपणांचा आकडा सांगितला.

तिसऱ्या वेळेला मावशी कुणाशीच बोलल्या नाहीत. दालनाच्या मधोमध ते नवं मशीन उभं होतं, त्याला लाल फीत. अध्यक्षांसाठी तबकात चांदीची कैची ठेवली होती. मावशींनी खिशातून आपली पट्टीची कैची काढली आणि फीत कापली. फीत कापली गेली म्हणताच मागच्या रांगांनी टाळ्या वाजवल्या. त्या टाळ्या मला खाटेवर ऐकू आल्या. मग चाकांचा आवाज आला. मावशी ते मशीन ढकलत वॉर्डाकडे निघाल्या होत्या, आणि मावशींच्यामागे निरगुडकर, त्यांच्यामागे अध्यक्ष, त्यांच्यामागे सगळी समिती धावत होती.

"मावशी, वेड लागलं का?" डॉक्टरांचा आवाज दारात आला.

"अंगठा बगा," मावशी म्हणाल्या. "मग माजी नोकरी घ्या."

खाटेभोवती श्वासांची दाटी झाली. माझा उजवा अंगठा एवढे लोक पहिल्यांदाच बघत होते. तांबट मॅडमनी तो बोटांत धरला. त्यांचे हात अजून गारच होते.

"ऐकू येतंय का तुम्हाला? येत असेल तर दोनदा हलवा. नाही म्हणायचं असेल तर एकदा."

मी दोनदा हलवला. मॅडमच्या घशातून एक बारीक आवाज निघाला. मग त्यांनी मघाशी विचारायला हवं होतं ते सगळं एका दमात इलाहीभाईला विचारलं. रात्री कुठे झोपले होते? जमिनीवर? देवळात? पहाटे पोटात कळ? आधी पापण्या, मग जीभ?

"मण्यार आहे, सर," त्या म्हणाल्या. "मण्यार चावली आहे. ह्या सापाचा डाग राहत नाही, दुखत नाही. मेंदू शाबूत आहे ह्यांचा. फक्त अंग गेलंय. मी आणते इंजेक्शनं." आणि अहवाल माझ्या पोटावर टाकून त्या धावल्या.

समितीतल्या कुणीतरी "किती तत्पर," असं म्हटलं. अध्यक्षांनी निरगुडकरांचा हात हातात घेतला. त्यानंतर असं ठरलं की डॉक्टरांनी सकाळपासून धीर न सोडता रोग्याला तगवून ठेवलं, आणि दवाखान्याला पहिला नंबर मिळाला. इंजेक्शनं लागू पडली, चौथ्या दिवशी माझे डोळे उघडले, विसाव्या दिवशी मी चालत घरी गेलो. विमल, माझी बायको, देवळात झोपल्याबद्दल मला आजही बोलते. डॉक्टरांनी ही गोष्ट पुढे कितीतरी सभांत सांगितली, निवृत्तीच्या समारंभातसुद्धा. प्रत्येक वेळी मला पहिल्या रांगेत बसवलं जायचं, आणि ते "ह्यांना आम्ही सकाळपासून सोडलं नाही," म्हणाले की मी मान डोलवायचो. सव्वीस वर्षं मी मान डोलवत आलो. त्याचं कारण मी विमललाही सांगितलेलं नाही, इलाहीभाईलाही नाही.

कारण त्याच दुपारचं आहे. समिती चहाला गेली. मॅडम अजून औषधाच्या खोलीत इंजेक्शनं शोधत होत्या. नव्या मशीनची पिन भिंतीत बसेना, मावशी वायरमन शोधायला गेल्या. इलाहीभाईचे हात सुजले होते. "द्या, मी दाबतो," असं म्हणत निरगुडकरांनी फुगा आपल्या हातात घेतला आणि त्याला डेपोत फोन करायला पाठवलं. वॉर्डात आम्ही दोघंच उरलो.

त्यांना थांबे माहीत नव्हते. ते गप्प राहून दाबत होते, नीट दाबत होते. थोड्या वेळानं त्यांनी खुर्ची ओढली आणि माझ्या पायाकडे बघता येईल अशा बेतानं बसले.

"माधवराव," ते म्हणाले. केसपेपरवर त्यांनी माझं नाव पहिल्यांदा वाचलं असावं. "सकाळी मी इथे उभा राहून काही बोललो. रजिस्टरचं. चार वाजताचं." ते थांबले. "ते तुम्ही ऐकलंत का?"

हवा आली नाही.

ते माझ्या अंगठ्याकडे बघत होते. सगळा जीव डोळ्यांत आणून बघत होते, आणि त्यांचा हात फुग्यावर नुसता ठेवलेला होता. ते मला मारत होते असं मी म्हणणार नाही. मला तसं वाटलं नाही, आजही वाटत नाही. उत्तराची वाट बघता बघता ते विसरले होते, एवढंच. दिवसभरात त्यांनी माझ्याकडे इतकं टक लावून पहिल्यांदाच बघितलं होतं. छाती आवळायला लागली. कानांत ती शिट्टी सुरू झाली. दाराबाहेर कुणाचंच पाऊल वाजत नव्हतं.

"ऐकलंत का?" त्यांनी परत विचारलं. त्यांचा आवाज फुटला होता.

मला तांबडं दिसायला लागलं. मी अंगठा हलवला. एकदा. आणि मग दुसऱ्यांदा हलू नये म्हणून तो जिवाच्या आकांतानं धरून ठेवला.

डॉक्टर बघत राहिले. दुसरी बेल येत नाही अशी त्यांची खात्री पटली, तेव्हा त्यांनी लांबलचक श्वास सोडला. त्यानंतर त्यांना माझा आठवला.